हत्तीच्या पोटातलं घटिकापात्र

स्मरणिकेसाठी लिहा असा निरोप मिळाला तोवर माझ्या वर्गमित्रांनी छड्या, डबे आणि गॅदरिंग हे विषय वाटून घेतले होते. माझ्या वाट्याला टेक्निकलचं वर्कशॉप उरलं. माझी काही तक्रार नाही. शाळेनं मला जे दिलं ते बहुतेक तिथेच, पत्र्याच्या कातरणांत दिलं.

आपल्या चाळीसगावकडच्या शाळांची सहल पाटणादेवीला जाणार हे ठरलेलंच. देवळात भास्कराचार्यांच्या नातवाचा, चांगदेवाचा शिलालेख आहे. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्यानं मठ काढला, त्याचा हा 1207 सालचा लेख. तिथे भास्कराचार्यांच्या मुलीची, लीलावतीची गोष्टही ऐकवली जातेच. मुहूर्तासाठी लावलेल्या घटिकापात्रात, म्हणजे वेळ मोजायला पाण्यावर सोडलेल्या भोकाच्या वाटीत, मोती पडला, भोक बुजलं, वाटी बुडालीच नाही आणि मुहूर्त टळला. दंतकथाच ती. मुली हळहळल्या. टेक्निकलच्या सरांना मात्र लीलावतीच्या नशिबापेक्षा त्या भोकात जास्त रस! "भोक केवढं असेल रे? सोमवारी करून दाखवा."

झालं, सोमवारपासून आम्ही घंगाळात वाट्या बुडवायला लागलो. घटिका म्हणजे 24 मिनिटं, दिवसरात्रीत 60 घटिका, हे पाठ होतं. तांब्याच्या वाटीला असं भोक पाडायचं की ती नेमकी तेवढ्या वेळात भरून बुडावी. भोक मोठं झालं की कथलाचा डाग द्यायचा आणि पुन्हा बारीक पाडायचं. सकाळी बरोबर आलेली वाटी दुपारी लवकर बुडायची. सर कारण सांगेनात. शेवटी पाण्यात थर्मामीटर घातला तेव्हा उमगलं की तापलेलं पाणी पातळ होतं आणि भोकातून लवकर शिरतं. द्रवाची विष्यंदिता, म्हणजे त्याचा चिकटपणा, हा शब्द पुढे कॉलेजात भेटला, तोवर ती हाताला ओळखीची झाली होती.

भास्कराचार्य आमचे, म्हणून त्यांचं सगळंच खरं, असं सरांपुढे चालत नसे. 'सिद्धान्तशिरोमणी'त पारा भरलेलं, आपोआप फिरत राहणारं चाक आहे. आमच्यातल्या एकानं ते अभिमानानं सांगितलं. सर म्हणाले, "फिरवून दाखव, मग मीही फेटा उडवीन." चाक अर्थातच फिरलं नाही.

पुढे इन्स्ट्रुमेंटेशन, म्हणजे कारखान्यातली मोजमापाची आणि आपोआप नियंत्रणाची यंत्रं, शिकलो आणि आखातात, दुबईतल्या जबल अलीच्या कारखान्यांत पोटापाण्याला लागलो. तिथून जवळच इब्न बतूता मॉल आहे. त्यातल्या भारताच्या नावाच्या दालनात एक प्रचंड हत्ती उभा आहे. पाठीवर अंबारी, अंबारीत लेखणी घेतलेला कारकून, वर घुमट, घुमटावर पक्षी, खाली नाग. लोक फोटो काढतात आणि पुढे जातात. मी पाटी वाचली आणि घरी येऊन शोधत बसलो.

मूळ हत्ती अल्-जझारीचा. आजच्या तुर्कस्तानातल्या दियारबकीरला अर्तुकी घराण्याच्या दरबारात हा माणूस 25 वर्षं यंत्रं करत होता. सुलतानाच्या सांगण्यावरून त्यानं 1206 मध्ये पुस्तक पुरं केलं. त्यात 50 यंत्रं आहेत: घड्याळं, हात धुवायला पाणी देणारा मोर, वाद्यं वाजवणाऱ्या बाहुल्यांची नाव, आणि दांडा-चाकावर चालणारा दोन नळकांड्यांचा पंपसुद्धा. म्हणजे आमच्या पाटणच्या शिलालेखाच्या आदल्याच वर्षी हे पुस्तक तयार होतं!

हत्तीच्या पोटात पाण्याची टाकी आहे आणि टाकीत तरंगते भोकाची वाटी. आमचं घटिकापात्र! फक्त याचं अर्ध्या तासाचं. वाटी भरत जाते तसा कारकून हळूहळू फिरतो आणि लेखणीनं वेळ दाखवतो. वाटी बुडते तेव्हा दोरी ओढली जाते, वरून एक गोळी सुटते, पक्षी फिरतो, ससाण्याच्या चोचीतून गोळी नागाच्या तोंडात पडते. त्या वजनानं नाग खाली झुकतो आणि झुकता झुकता साखळीनं बुडालेली वाटी वर ओढून रिकामी करतो. माहूत ठोका देतो, नाग जागेवर जातो, वाटी पुन्हा तरंगायला लागते. घटिकापात्राशेजारी एक भटजी बसवावा लागतो, दर वेळी वाटी उपसायला. या पठ्ठ्यानं ते काम नागाला दिलं. गोळ्या आहेत तोवर कुणी हात लावायचा नाही. आयुष्यभर आम्ही कारखान्यात याहून वेगळं काय केलं?

मला अल्-जझारी आवडतो तो हत्तीपेक्षा पुस्तकामुळे. प्रत्येक भागाचं माप, ओतकाम कसं करायचं, जोड कसा द्यायचा, सगळं लिहिलेलं. करून न पाहिलेली विद्या खऱ्याखोट्याच्या मध्ये लोंबकळते, अशा अर्थाचं त्यानं लिहिलंय. ते वाचताना मला सरांचाच आवाज ऐकू आला. लंडनच्या सायन्स म्युझियमसाठी 1976 मध्ये त्याचं दुसरं एक मोठं पाणघड्याळ पुस्तकावरून पुन्हा बांधलं, ते चाललंही. दरबारातली चमत्काराची यंत्रं बरीच झाली असतील, पण त्यांच्या कर्त्यांनी गुपित गुपितच ठेवलं आणि ती त्यांच्याबरोबर गेली.

एकदा त्या हत्तीखाली कॉफी पिताना आमच्यात वाद पेटला. तुर्की सहकारी म्हणाला, दियारबकीर आमचं, म्हणजे माणूस आमचा. सीरियन म्हणाला, पुस्तक अरबीत आहे, विषय संपला. मी म्हटलं, हत्ती आमचा आणि वाटीही आमचीच, तुम्ही उरलेलं वाटून घ्या. नाग चिनी, पाण्याची करामत ग्रीकांकडून आलेली, हे निघाल्यावर वाटणीला फारसं काही उरलं नाही. बिल मात्र माझ्या नावावर आलं, दोघांच्या मते हत्तीच्या मालकानंच भरायचं.