तुम्ही विचारलंत म्हणून: वेतोबाच्या वहाणा आणि सड्यावरच्या बाहुल्या

"तारकर्ली झाली, किल्ला झाला, मासे तर रोजच चाललेत. आता एक दिवस उरलाय. गर्दी नको, नुसता समुद्रही नको. काय बघू?"

मी वेंगुर्ल्याकडची, त्यामुळे हा प्रश्न दर सुट्टीत कुणी ना कुणी विचारतंच. २०२३ मध्ये मोपाचा विमानतळ सुरू झाल्यापासून गोव्यात उतरणारी मंडळीही विचारू लागलीत. दर वेळी फोनवर तेच सांगून कंटाळा आला, म्हणून एकदा सगळं लिहूनच टाकते.

सकाळी कुडोपीचा सडा, वाटेत पिंगुळी, मग आरवलीचा वेतोबा, आणि दिवस मावळायच्या आत रेडी. सगळं सिंधुदुर्ग जिल्ह्यातच आहे. गाडी हाताशी हवी, एसटीने हे एका दिवसात जमत नाही. देवदर्शन म्हणून गेलात तरी हरकत नाही, पण मी लोकांना पाठवते ते वेगळ्याच कारणासाठी. या वाटेवर कुठे गोष्ट आधी होती आणि मूर्ती मागून आली. कुठे कोरीवकाम आधी आणि गोष्ट मागाहून. एका ठिकाणी तर दोन्ही एकदमच उगवली, तीही आपल्या आईवडलांच्या देखत.

कुडोपी हे मालवण तालुक्यातलं गाव. गावातून वर चढून गेलं की सडा लागतो. सडा म्हणजे जांभ्या दगडाचं उघडं पठार. पावसाने लाखो वर्षं खडकातलं विरघळणारं सगळं धुऊन नेलं, लोह आणि ॲल्युमिनियम तेवढं मागे राहिलं आणि वरचा थर कडक होऊन बसला. उन्हाळ्यात तिथे उभं राहिलात तर चपलेतून चटका बसतो आणि दूरवर सावली म्हणून दिसत नाही. याच कडक पाठीवर कुणीतरी, कधीतरी, माणसांसारख्या आकृत्या आणि नक्ष्या कोरून ठेवल्या. काही आकार असे आहेत की त्यांना नाव देण्याच्या भानगडीत न पडलेलं बरं. त्यातल्या एका मोठ्या आकृतीला अभ्यासक मातृदेवता म्हणतात. गाववाले या जागेला बाहुल्यांचं टेंब म्हणतात. टेंब म्हणजे टेकाड. आसपासच्या काही गावांत अशा चित्रांचं श्रेय सरळ पांडवांना दिलं जातं. कोकणात ज्याचा कर्ता सापडत नाही ते सगळं पांडवांनी एका रात्रीत केलेलं असतं, तसंच हेही.

२०२२ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत कोकणातल्या कातळशिल्पांची नोंद झाली. रत्नागिरी जिल्ह्यातल्या सात जागांबरोबर सिंधुदुर्गातली कुडोपी आणि गोव्यातली फणसायमळ ही नावं त्यात आहेत. तेव्हापासून वर्दळ थोडी वाढली, तरी अजून सड्यावर तुम्ही आणि गुरं एवढेच असता. कधी नुसती गुरंच.

इथे जायची वेळ चुकवू नका. ऊन तिरपं असताना, म्हणजे सकाळी लवकर, कोरलेल्या रेषेत सावली बसते आणि आकृती उठून दिसते. तोच सडा बारा वाजता बघितलात तर "हे बघायला आलो?" असं म्हणाल. सूर्य डोक्यावर आला की रेषा दगडात मुरून जातात आणि मातृदेवतेच्या अंगावरून चालत गेलात तरी कळत नाही. म्हणून गावातल्या कुणाला तरी बरोबर घ्या, आणि रेषा नीट दिसाव्यात म्हणून त्यात खडू भरणाऱ्या फोटोवाल्यांचं अनुकरण करू नका. पावसाळ्याच्या शेवटी सड्याचं रूप पार पालटतं. डबकी भरतात, सीतेच्या आसवांची निळीजांभळी फुलं आणि गेंदांचे पांढरे ठिपके पसरतात. पण तेव्हा शिल्पांवर पाणी आणि शेवाळ असतं. फुलं की बाहुल्या, हे तुमचं तुम्ही ठरवा. मला विचाराल तर बाहुल्या. फुलं कासलाही मिळतात.

जिल्ह्यात फिरताना रस्त्याकडेला चिरेखाणी दिसतील. सडा चौकोनी कापून त्याचे घरबांधणीचे चिरे काढतात. माझं स्वतःचं घर त्याच चिऱ्यांचं आहे, त्यामुळे फार बोलत नाही.

पिंगुळीचं थोडक्यात सांगते. कुडाळजवळच्या या गावात ठाकर समाजातली घरं पिढ्यान्‌पिढ्या चित्रकथी (चित्रं दाखवत गोष्ट सांगायची कला), कळसूत्री आणि चामड्याच्या बाहुल्या सांभाळून आहेत. परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली ती याच कामासाठी. त्यांचं छोटं संग्रहालय आहे, तिथे लाकडी बाहुल्यांचे चेहरे जवळून बघा. आधी फोन करून गेलात तर बाहुल्या हलताना बघायला मिळण्याची शक्यता जास्त. टांगलेली बाहुली आणि हातातली बाहुली यात जमीनअस्मानाचा फरक आहे.

आता आरवली. दिवसभरातला जास्तीत जास्त वेळ इथे काढा.

वेताळ म्हटलं की देशावरच्या माणसाला आठवतो तो विक्रमाच्या पाठीवर बसून कोडी घालणारा. आमच्याकडे तोच वेतोबा, आणि त्याला कामाला लावलंय. तो भुतांचा राजा आहेच, पण भुतांनी गावात पाय ठेवायचा नाही एवढ्यासाठी. "राखणदार आसा तो गावचो," एवढं सांगून इथला माणूस गप्प होतो, जास्त खुलासा करत नाही. रात्री वेतोबा गावाच्या सीमेवरून फेरी मारतो. फेरी मारायची तर पायात काहीतरी हवं. म्हणून त्याला चामड्याच्या वहाणा वाहतात.

या वहाणा बघितल्याशिवाय त्यांचा आकार डोक्यात बसत नाही. हातभर लांब, जाड तळाच्या, अंगठा आणि पट्टे नेहमीच्या कोल्हापुरीसारखेच, फक्त माणसाच्या मापाचं काही त्यात राहिलेलं नसतं. नवस फेडायला आलेला माणूस दोन्ही हातांनी त्या उचलून आणतो. देवळात आधीच्या जोड्या ठेवलेल्या असतात. त्यांचे तळ झिजतात, म्हणजे देव चालून येतो, अशी इथल्या लोकांची श्रद्धा. एका पुणेकर पाहुण्यांनी मला विचारलं होतं की कुणी ते मोजून बघितलंय का. मी म्हटलं, रात्री सीमेवर जाऊन थांबा आणि तुम्हीच मोजा. ते थांबले नाहीत. वहाणांशिवाय केळीचा घड वाहायची पद्धत आहे. दोन्ही नवस मला आवडतात, कारण दोन्ही राखणीला निघालेल्या गड्याच्या उपयोगाचे आहेत.

मूर्ती नऊ फुटांच्या आसपास उंच, उभी, दोन हातांची. एका हातात खड्ग, दुसऱ्यात पात्र. गाभाऱ्याच्या दारातून बघताना मान वर करावी लागते, आणि इतर देवांसमोर जो एक सवयीचा निवांतपणा वाटतो तो इथे वाटत नाही. हा देव बसलेला नाही, निघायच्या बेतात आहे. आत्ताची मूर्ती पंचधातूची आहे, १९९६ मध्ये बसवलेली. त्याआधीची लाकडाची होती, फणसाच्या. देव फणसाच्या लाकडाचा, म्हणून आरवलीची माणसं ते लाकूड घरकामाला वापरत नाहीत. कोकणात फणस सोडायचा म्हणजे काय ते घर बांधलेल्यांना विचारा. दारं, खांब, पाट, सगळं त्याचंच तर होतं. मूर्ती बदलली, धातूची झाली, तरी ही जुनी रीत लोक सांगतात. मला वहाणांपेक्षाही ही गोष्ट जास्त मोठी वाटते.

नशीब असेल तर एखादं गाऱ्हाणं, म्हणजे देवापुढे मोठ्याने घातलेलं साकडं, ऐकायला मिळेल. गाऱ्हाणं घालणारा एका सुरात, श्वास न घेता बोलत जातो: "बा देवा म्हाराजा, आज ही तुजी लेकरां तुज्या पायाकडे इली आसत, त्यांच्या वाटेत काय आडां-उबां इला तर तां दूर कर रे म्हाराजा!" आणि जमलेले सगळे एकदम, "व्हय म्हाराजा!" यात विनंती कमी आणि ड्युटी वाटून देणं जास्त. तुम्ही शेजारी उभे असाल तर "व्हय म्हाराजा" म्हणा, कुणी परकं समजणार नाही. फोटो मात्र विचारल्याशिवाय काढू नका.

आरवलीहून शिरोडा अगदी लागून. १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहात गाजलेलं गाव ते हेच. जेवण इथे करा. वेळागरचा किनारा आणि सुरूचं बन सुंदर आहे, पण तुम्ही "नुसता समुद्र नको" म्हणाला होतात, म्हणून पुढे चला.

रेडीला जाताना जमिनीचा रंग बदलतो. लोहखनिजाच्या खाणींनी टेकड्या उकरून ठेवल्यात आणि पुढे बंदर आहे, तिथून हे खनिज बाहेर जातं. निसर्गरम्य वगैरे म्हणता येणार नाही, आणि तरीही मी इथे थांबायला सांगते. एप्रिल १९७६ मध्ये या खाणीत गणपतीची मोठी दोन हातांची जांभ्यातली मूर्ती निघाली. खाणीवर ट्रक चालवणाऱ्या एकाला स्वप्नात दृष्टान्त झाला, त्याने सांगितलेल्या जागी खणलं आणि देव सापडला, ही सगळ्यांना पाठ असलेली हकिगत. पुढे उंदीरही सापडला. आज मूर्ती रंगवलेली, मंदिर बांधलेलं, बाहेर नारळाची दुकानं. मूर्ती किती जुनी यावर प्रत्येक दुकानदाराचं वेगळं मत आहे आणि कुणी शतकाच्या खाली उतरत नाही. तो वाद सोडून द्या. त्यापेक्षा सत्तरीतल्या कुणाला तरी गाठा आणि विचारा, "मूर्ती निघाली तेव्हा तुम्ही होतात का?" बाहुल्यांच्या टेंबावर हा प्रश्न विचारायला कुणी उरलेलं नाही. इथे चहा संपेपर्यंत दोन जण तरी भेटतात, आणि दोघांच्या हकिगतीत पहिला घाव कुणी घातला ते जुळत नाही.

अर्धाच दिवस असेल तर कुडोपी सोडा, कारण तिथे दुपारी जाण्यात अर्थ नाही. आरवली आणि रेडी तेवढी करा. मुलं बरोबर असतील आणि भुताखेताचं ऐकून घाबरतील अशी काळजी वाटत असेल, तर ती काळजी मोठ्यांची करा. मुलं वहाणांचा नंबर विचारतात आणि बाहेर खेळायला पळतात.

आणि पुढे गोव्यातच उतरणार असाल तर काणकोणातल्या लोलये गावचा बेताळ बघा. हाच देव, पण दगडातला, माणसापेक्षा उंच, उघड्यावर उभा आणि अंगावर वस्त्र नाही. आरवलीचा धोतर नेसलेला बघून गेलात तर तो जास्तच अंगावर येतो. फक्त त्यासाठी दुसरा दिवस राखून ठेवा. गोव्याचं एक टोक सोडून दुसऱ्या टोकाला जायचंय, रेडीहून संध्याकाळी निघून ते जमवायला जाऊ नका.