गंगेला पूर

परवा दुपारी जेवून जरा लवंडले. उठले तर हे मोबाईल पुढ्यात धरून बसलेले. "ऐक," म्हणाले. मला वाटलं, मागच्या प्लॉटवर बोअर मारतायत.

"अहो, काय हे?"

"तू."

तीस वर्षं आमच्या घरात घोरण्याचा मान यांचा. मी कोपराने ढोसायचं, यांनी कूस बदलायची, असं सगळं ठरलेलं. आता पाळी जाऊन दोन वर्षं झाली आणि खातेपालट झाला. गुडघे, केस, चिडचिड, अंगातून निघणाऱ्या वाफा, या सगळ्याची तयारी मैत्रिणींनी करून घेतली होती. घोरण्याबद्दल एकीनेही तोंड उघडलं नाही. रात्री उघडत असणार.

डॉक्टरीणबाई हसल्या. म्हणाल्या, प्रोजेस्टेरॉन हे हार्मोन गेलं ना. ते श्वासाला मागून ढकलत असतं, झोपेत घशाचे स्नायूही ताठ ठेवतं. ते गेलं की घसा सैलावतो, बऱ्याच जणी याच वयात घोरायला लागतात.

आणि मला पांडवलेण्याच्या पायऱ्या आठवल्या. तिसरा महिना, पोट सपाट, अन् मी चौथ्याच वळणावर बसकण मारलेली. सासूबाई नऊवारीचा ओचा खोचून वर पोचल्या होत्या. तिथूनच ओरडल्या, "अगं, पोट कुठाय अजून? धापा कसल्या टाकतेस?" वर चढणारी सहलीची शाळा थांबून माझ्या पोटाकडे बघायला लागली.

खरं म्हणजे धाप पोटामुळे नव्हतीच. श्वास घ्यायची घाई आपल्याला मुख्यतः प्राणवायू कमी पडला म्हणून होत नाही, रक्तात कार्बन डायऑक्साइड साठला की होते. गरोदरपणी प्रोजेस्टेरॉन मेंदूला त्या बाबतीत भलतंच सोवळं करून ठेवतं. एरवी या वायूचा दाब 40 मिलिमीटर पाऱ्याइतका चालतो, तेव्हा 30 च्या आसपास आणूनही जिवाचं समाधान होत नाही. श्वासांची संख्या फारशी वाढत नाही, एकेक श्वास खोल होतो. बाळाचा कार्बन डायऑक्साइड आईच्या रक्तात सहज उतरतो तो यामुळेच. 'हार्मोन' हा शब्द शास्त्रज्ञ स्टार्लिंगने पहिल्यांदा वापरला 1905 साली, आणि श्वासाची दोरी कार्बन डायऑक्साइडच्या हातात असल्याचं हॉल्डेन आणि प्रीस्टली यांनी दाखवलं तेही 1905 सालीच. आमच्या सासूबाईंपर्यंत दोन्ही बातम्या पोचायच्या होत्या.

माझी आजी मात्र घोरायची ती राजरोस. पंचवटीतल्या वाड्यात माजघरभर गोधड्या पसरलेल्या, मधोमध आजी. तिचा सूर लागला की कुणीतरी हळूच म्हणायचं, "गंगेला पूर आला!" मग गोधडीत तोंड खुपसून हसणं. खरी मजा पूर ओसरल्यावर. आजीचा आवाज एकदम बंद व्हायचा, अगदी ठार. आम्ही मोजायला लागायचो. एक, दोन, तीन... नऊला धाकटा रडवेला व्हायचा. मग आजी फुर्रकन श्वास घ्यायची, अर्धवट उठल्यासारखी व्हायची, "झोपा रे मेल्यांनो" म्हणून पुन्हा सुरू. माझा आकडा एकोणीस होता. तो कुणी मोडला नाही. सकाळी काळारामाच्या काकड आरतीला मात्र आजी सगळ्यांच्या आधी उठून तयार, आणि दुपारी पोथी वाचता वाचता पेंगायची. वय झालं, म्हणायचे सगळे. पन्नाशीचीच होती.

एका थंडीत झोपेतच गेली. पुण्यवान, म्हणाले.

डॉक्टरीणबाईंनी रात्रीची तपासणी लिहून दिली आहे. झोपेत श्वास दहा सेकंदांच्या वर थांबतो का, किती वेळा थांबतो, ते बघतात म्हणे. पुढच्या आठवड्यात जाऊ.

काल मध्यरात्री दचकून जाग आली. हे उठून बसलेले, अंधारातच.

"अहो, काय करताय?"

"काही नाही. झोप."

"मोजत होतात?"

"चौदा," म्हणाले.