संक्रांत, तिळगूळ आणि काथ्याची मॅट

मुंबईकरांनी पुण्याच्या माणसाचा वाढदिवस साजरा करावा, तोही मुंबईच्याच गोलंदाजांना 246 धावा कुटणाऱ्याचा! पण आमच्या कॉलेजच्या माजी क्रिकेटपटूंचं मंडळ 14 जानेवारी चुकवत नाही. महाराष्ट्राचे फलंदाज प्रा. दि. ब. देवधर यांचा जन्म 1892 साली याच तारखेचा, त्यामुळे तिळगूळ आयताच होतो. दीपप्रज्वलन, अहवाल, शाल-नारळ पंधरा मिनिटांत उरकतं, उरकावंच.

थांबायचं ते सरांसाठी. सर संस्कृतचे, आता निवृत्त. विद्यार्थी असताना विद्यापीठाचे लेगस्पिनर. नोकरीत असताना सातचा तास घेऊन साडेनऊला आझाद मैदानावर टॉसला हजर, किटबॅगेत पॅडखाली तपासायचे पेपर. देवधरही स. प. महाविद्यालयात संस्कृतच शिकवत, म्हणून सर त्यांच्याबद्दल जरा हक्कानेच बोलतात.

भाषणाआधी सर मॅट अंथरून घेतात, म्हणजे देवधरांच्या काळी खेळपट्टीवर टाकत ती काथ्याची चटई. मुरमावर पाणी शिंपडायचं, चिखल होऊ द्यायचा नाही, मग हातरोलर. कोरड्या मुरमावर मॅट टाकली की खालचा खडा वर येतो आणि चेंडू थेट बरगडीत. एक टोक खिळ्यांनी पक्कं करायचं, दुसरीकडून चौघांनी ओढायचं, मग दोन्ही कडा आळीपाळीने ठोकायच्या. एकच कड आधी ठोकली तर मधे सळ पडते. खिळ्याचं डोकं वर राहता कामा नये. खेळताना बुटांनी मॅट सैल होते, म्हणून जेवणाच्या सुट्टीत पुन्हा ताणायची. नाही ताणली तर चेंडू थांबून येतो आणि फलंदाज आधीच बॅट फिरवून बसतो. ताठ मॅटवर उसळी इमानदार. तिथे मागच्या पायावर कट आणि हुक हवा, आणि फिरकी जास्त चावते म्हणून चेंडू उशिरा खेळायचा.

मग मॅटवर उभे राहून कागदाविना आकडे: 1926, बॉम्बे जिमखाना, गिलिगनच्या इंग्लिश एमसीसी संघाविरुद्ध 148. रणजी करंडकात 1940-41 ला आपल्या मुंबईविरुद्ध 246, वय 48. नवानगरविरुद्ध दोन्ही डावांत शतकं, 105 आणि 141, वय 52. भारत पहिली कसोटी खेळला 1932 ला, तेव्हा देवधर चाळिशीचे. कसोटी एकही नाही. इथे सरांचा आवाज दरवर्षी बसतो आणि मागच्या रांगेतली कुजबुजही थांबते.

मागची रांग म्हणजे निम्म्या रिकाम्या खुर्च्या. यंदाही तरुण मंडळी उगवली ती वड्यांचा वास सुटल्यावर. 75 टक्के हजेरी भरावी म्हणून जिमखान्याची पत्रं घेऊन विभागप्रमुखांच्या दारात ताटकळलेले हेच वीर! मंडळाकडे तशी पत्रं मिळत नाहीत.

मॅट ओढणारे चौघे (तिघे साठीपुढचे), रोलर फिरवणारे माळीकाका, ऐनवेळी एक्स्टेन्शन बोर्ड आणणारा प्रयोगशाळेतला शिपाई, कँटीनचे अण्णा, जुनी स्कोअरबुकं प्लॅस्टिकच्या पिशवीतून सांभाळून आणणारे आमचे स्कोअरर, दादरहून तिळाच्या वड्यांचे डबे लोकलमधून सावरत आणणाऱ्या सरांच्या सूनबाई, निवेदन करणारी तृतीय वर्षाची विद्यार्थिनी: कुणी राहिलं असेल तर माफी. हो, राहिलेच की. वॉचमनदादा. मॅट ओली गुंडाळली तर काथ्या कुजतो, म्हणून दुसऱ्या दिवशी उन्हात उलटीसुलटी घालून ती आत ठेवतात ते तेच.