वाटाण्याचा अंकुर, मंदाकिनीचा चेहरा आणि आबा

सकाळची एसटी पकडून पुण्याहून निघालो, सिन्नरला चहा, दुपारच्या आत नाशिक. मिसळ हाणली आणि थेट पांडवलेणी. तिसऱ्या लेण्यात गौतमी बलश्रीचा शिलालेख आहे, आईने आपल्या मुलाचं, गौतमीपुत्र सातकर्णीचं, केलेलं कौतुक दगडात कोरलंय. थोडा वेळ तिथेच बसलो, मग उतरून पायथ्याच्या फाळके स्मारकात गेलो.

फाळके म्हटलं की सगळे 'राजा हरिश्चंद्र'वर येतात, पण मला त्यांच्या छोट्या फिल्म्स जास्त आवडतात. १९१२ साली त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा समोर लावला आणि रोज थोडं थोडं शूट करत महिनाभराची वाढ मिनिटभरात दाखवली. पडद्यावर बी फुटून वेल वर सरकतोय हे बघूनच पुढे पैसा लावणारे तयार झाले. परदेशी सिनेमात येशू बघताना ज्या माणसाला आपले राम-कृष्ण दिसायला लागले, त्याची सुरुवात एका वाटाण्यापासून झाली, हे मला फार भारी वाटतं. आणि १९१९च्या 'कालियामर्दन'ची सुरुवात बघाच! कृष्ण झालेली त्यांची सात वर्षांची मुलगी मंदाकिनी आधी साधी मुलगी म्हणून कॅमेऱ्यासमोर वेगवेगळे हावभाव करते आणि मग बघता बघता त्याच चेहऱ्याचा कृष्ण होतो. देव कसा घडतो ते आधी दाखवून मग गोष्ट सांगायची, शंभर वर्षांपूर्वी!

संध्याकाळी मित्राच्या घरी, नाशिकरोडला. लॅपटॉपवर सरकारी फिल्म्स डिव्हिजनची 'आय ॲम ट्वेंटी' ही डॉक्युमेंटरी लावली, १९६७ची, एस. एन. एस. शास्त्रींची. १९४७ला जन्मलेल्या वीस वर्षांच्या पोरापोरींना देशाबद्दल काय वाटतं एवढंच विचारलंय, पण कोणी स्वप्नं सांगतं, कोणी वैतागलेलं आहे, आणि शास्त्रींनी ते सगळं एकमेकांना भिडवत असं जोडलंय की मधे कुठे उठावंसं वाटत नाही. मित्राचे आबा आरामखुर्चीत गप्प बघत होते.

"मी पण सत्तेचाळीसचाच रे," ते एकदम म्हणाले, "ही फिल्म आली त्या साली इथल्या नोटांच्या प्रेसला लागलो."

"आबा, तुम्हाला कोणी विचारलं असतं तर काय सांगितलं असतंत?"

बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "दिवसभर नोटा छापायचो आणि पगार झाला की पहिली नोट आईच्या हातात. हेच सांगितलं असतं." आणि लगेच मित्राला, "जरा मागे घे, त्या पोराचं शेवटचं वाक्य नीट ऐकू आलं नाही."