कांदा चाळीतल्या सेन्सरचं पेटंट – माझा अनुभव

आमची निफाडकडे कांद्याची चाळ आहे. चाळीत सड लागली हे वास येईपर्यंत कळत नाही आणि वास आला तोवर खालचा थर गेलेला असतो. मी बारावीनंतर शिकलो नाही, इलेक्ट्रॉनिक्स यूट्यूब आणि डेटाशीट वाचून शिकलो. बाजारात एमक्यू-१३५ नावाचा स्वस्त गॅस सेन्सर मिळतो पण हवा दमट झाली की तो उगाच आकडा बदलतो, म्हणून मी एक सेन्सर ढिगाच्या पोटात ठेवला नि एक बाहेर, आणि दोघांतला फरकच बघायला लागलो. फरक वाढत गेला की त्याच कप्प्याखालचा पंखा चालू होतो, बाकीचे बंद.

हे घेऊन एका सरकारी ऑफिसात गेलो तर साहेबांचा पहिला प्रश्न, "शिक्षण किती?" नंतर म्हणे संस्थेचा रिपोर्ट आणा. रिपोर्टला टेस्टिंग लागतं आणि टेस्टिंगला त्यांचंच पत्र लागतं! चाळ चालू आहे, एकदा येऊन बघा एवढंच मी म्हणत होतो, कोणी आलं नाही. फार राग आला.

मग पेटंट कायदा १९७० डाउनलोड करून वाचून काढला. फॉर्म १ मध्ये, म्हणजे पेटंटच्या अर्जात, शिक्षणाचा रकानाच नाही हे बघून खरंच बरं वाटलं. ऑनलाइन प्रोव्हिजनल, म्हणजे तात्पुरता अर्ज भरला, स्वतःच्या नावावर फी १६०० रुपये, पुढे १२ महिन्यांत कम्प्लीट स्पेसिफिकेशन, म्हणजे शोधाचं पूर्ण वर्णन, द्यावं लागतं. आणि फॉर्म १८, म्हणजे तपासणीची विनंती, वेगळा भरायचा, ४००० रुपये, तो भरल्याशिवाय तपासणीच सुरू होत नाही, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं.

तपासणीच्या रिपोर्टमध्ये दोन मोठे आक्षेप आले. कलम ३(एफ), म्हणजे माहीत असलेल्या वस्तू नुसत्या जुळवल्यात, आणि ३(एच), शेतीची पद्धत; या दोन्हींना पेटंट मिळत नाही. उत्तराला सहा महिने असतात. मी कलम पुन्हा पुन्हा वाचलं, ३(एफ) मध्ये स्पष्ट लिहिलंय की प्रत्येक वस्तू स्वतंत्रपणे काम करत असेल तरच, आणि माझा पंखा तर दोन सेन्सरच्या फरकाशिवाय हलतच नाही! सर्किट आणि रीडिंगचा तक्ता जोडून तेच मांडलं. ३(एच) साठी क्लेममधली, म्हणजे ज्यावर हक्क मागतो त्या भागातली, "पद्धत" काढून फक्त उपकरण ठेवलं.

हिअरिंग व्हिडिओवर झालं, तिथले अधिकारी मात्र मुद्द्यावरच बोलले, शिक्षण कोणी विचारलं नाही. त्यानंतर १५ दिवसांत लेखी म्हणणं द्यायचं असतं ते दिलं आणि पेटंट मंजूर झालं. आता तिसऱ्या वर्षापासूनची साचलेली रिन्युअल फी तीन महिन्यांच्या आत भरायची आहे, आणि यंदाचा उन्हाळी कांदा चाळीत पडला की शेजारच्या दोन चाळीत पण हा संच बसवतोय.