आवकेचा शिक्का

नाशिकच्या एका निमसरकारी आस्थापनेत मी अकरा वर्षे हंगामी पंपचालक होतो. आम्हा नऊ जणांना वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवून कायमपणाचे लाभ नाकारणे ही अनुचित कामगार प्रथा आहे, असा निकाल औद्योगिक न्यायालयाने दिला आणि तक्रारीच्या तारखेपासून लाभ देण्यास सांगितले. व्यवस्थापनाची याचिका मुंबई उच्च न्यायालयाने फेटाळली व अंमलबजावणीसाठी बारा आठवडे दिले. एवढ्यात सात वर्षे गेली, पण त्यांच्याबद्दल माझी फारशी तक्रार नाही.

बारा आठवडे उलटूनही काही हालले नाही, तेव्हा आदेश न पाळल्याबद्दल न्यायालयाची अवमान याचिका टाकली की अधिकारी धावत येतील, अशी आमची समजूत होती. वकीलसाहेबांनी आधी एकच विचारले, "आत्ताच्या साहेबांना आदेश माहीत आहे, याचा कागद कुठे आहे?" निकालाच्या दिवशी हजर असलेल्या अधिकाऱ्याची मधल्या काळात बदली झाली होती, आणि दिवाणी अवमानात आदेश ठाऊक असूनही जाणूनबुजून मोडला, हे दाखवावे लागते. नोटीस खुर्चीला नव्हे, तर त्या खुर्चीवरच्या माणसाला नावानिशी जाते. हे आम्हाला आधी कोणीही सांगितले नव्हते.

मग सुरू झाली आवक टेबलाची, म्हणजे कार्यालयात येणारे कागद जिथे शिक्का मारून घेतात त्या टेबलाची वारी. आदेशाची प्रमाणित प्रत घेऊन मी पहिल्यांदा गेलो, तर साहेब साइटवर होते. दुसऱ्यांदा शिक्का कपाटात होता आणि कपाटाची किल्ली रजेवर गेलेल्या बाईंकडे होती. तिसऱ्या खेपेस लिपिकाने स्पष्टच सांगितले, "कोर्टाचा कागद घ्यायचा नाही, असा तोंडी आदेश आहे." लेखी आदेश बारा आठवडे पडून राहतो आणि तोंडी आदेश तत्काळ पाळला जातो, हे पाहून मी जिन्यातच बसलो. रजिस्टर पोस्टाने पाठवलेल्या प्रतीची पोहोच पावती परत आली खरी, पण तिच्यावर शिक्का नव्हता आणि सही कोणाची, हे कोणालाच लावता येईना. अखेरीस मी ओळखपत्राच्या नूतनीकरणाचा साधा अर्ज लिहिला, खाली "सोबत : उच्च न्यायालयाच्या आदेशाची प्रत, पाने 14" असे नमूद केले आणि अर्ज वर ठेवून गठ्ठा पुढे केला. लिपिकाने फोनवर बोलता बोलता दोन्ही प्रतींवर गोल शिक्का मारला, तारीख टाकली, आवक क्रमांक लिहिला. ती प्रत मी घरी येईपर्यंत शर्टाच्या आत ठेवली होती. कायद्याच्या दृष्टीने ही युक्ती फार मोठी नसेल, पण मला तिचा अजूनही अभिमान वाटतो. तिच्या आधारावर वकीलसाहेबांनी नव्या साहेबांना नावाने नोटीस पाठवली.

साहेबांचे नाव आणि रुजू झाल्याची तारीख माहिती अधिकारात मागावी. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लागतो आणि उत्तराची मुदत तीस दिवसांची असते. आम्ही हा अर्ज उशिरा केला, तो निकालाच्या आठवड्यातच करायला हवा होता. कारण अवमान कायद्याच्या कलम 20 नुसार अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत दाद मागावी लागते, आणि त्यातले पाच महिने आमचे त्या टेबलासमोर गेले.

पुढचे भराभर झाले. पंचवटी एक्सप्रेसने तीन तारखांना मुंबई गाठली. "अपील दाखल केले आहे" हा त्यांचा बचाव टिकला नाही, कारण स्थगिती नव्हती, आणि नुसते अपील म्हणजे स्थगिती नव्हे. आदेश निदर्शनास आला नाही, असे साहेबांनी प्रतिज्ञापत्रात लिहिले होते. शिक्क्याची प्रत आणि नोटीस पुढे येताच पुढच्या तारखेला बिनशर्त माफी आली आणि सोबत नऊ नियुक्तीपत्रे. सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी कायद्यातली शिक्षा मी तोंडपाठ केली होती. तिची वेळ आली नाही, याची मला तेव्हा थोडी रुखरुख लागली, हे कबूल करतो.

नियुक्तीपत्रात लाभ मात्र त्या महिन्यापासूनच धरले होते. थकबाकीच्या हिशेबाचा वाद अवमानात सोडवता येणार नाही, त्यासाठी योग्य ठिकाणी जा, असे न्यायालयाने सांगितले. म्हणून आता अनुचित कामगार प्रथांविरुद्धच्या राज्याच्या कायद्याच्या कलम 50 खाली वसुलीचा अर्ज औद्योगिक न्यायालयात केला आहे. त्याची प्रत द्यायला मी त्याच टेबलाशी गेलो, तेव्हा लिपिकाने आधी प्रत्येक पान उलटून पाहिले आणि मग शिक्का मारला.