तुम्ही विचारलेत म्हणून: हे नाटक की सिनेमा?

आजीचे लुगडे नेसून मी लोकांसमोर जात्यावर दळतो आणि ते कॅमेऱ्यात टिपतो. सादरीकरण संपले की चहाच्या टेबलापाशी तोच प्रश्न येतो: हे नाटक की सिनेमा, आणि लुगडे नेसून बसलेले तुम्ही यात नेमके कोण? नाटकात भूमिका असते आणि उद्या पुन्हा तोच प्रयोग लागतो. माझ्याकडे संहिता नाही, तालीम नाही, आणि सहा तास दळल्यावर तळहाताला येणारा फोड रंगभूषेचा नसतो. हे उत्तर मी इतक्यांदा दिले आहे की आता तेच मला पाठ केलेल्या संवादासारखे वाटते.

पुरुषाने लुगडे का नेसावे, असे विचारणाऱ्यांना मी दादासाहेब फाळक्यांकडे पाठवतो. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामतीसाठी स्त्री मिळेना म्हणून अण्णा साळुंके उभे राहिले आणि १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये तर राम आणि सीता दोन्ही तेच होते. (हा दाखला माझ्या सोयीचा आहे, हे मला कळते. साळुंक्यांनी आपण सीता असल्याचा दावा केला नव्हता; मी मात्र अनुदानाच्या अर्जात ‘मी माझी आजी होतो’ असे लिहून मोकळा झालो होतो.)

आता जे टाळत आलो ते सांगतो. एका जुन्या गोदामात आजीचे हिरवे लुगडे नेसून मी जात्यावर ज्वारी दळत होतो; भोवती दोरी, समोर ट्रायपॉडवर कॅमेरा. चौथ्या तासाला आई उठली, दोरीखालून वाकून आत आली आणि माझा दुमडलेला उजवा पाय धरून तिने सरळ केला. “माझी आई एक पाय पसरून बसायची,” असे म्हणत ती माझा सुटलेला ओचा खोचू लागली. मी दबक्या आवाजात म्हणालो, “आई, बाहेर जा, हे नाटक नाही.” ती म्हणाली, “नाटक नाही ना? मग नीट बस.” लोक हसले. मी खुंटा सोडला नाही, पण घास टाकायचा राहिला आणि दगडावर दगड घासल्याचा कोरडा आवाज गोदामभर झाला. आईने पिठाचे हात पदराला पुसले, आली तशीच वाकून बाहेर पडली आणि थेट घरी गेली.

चित्रपट बावीस मिनिटांचा झाला. त्यातून ही चाळीस सेकंदे मी काढली आणि विचारणाऱ्यांना तेवढ्यात बॅटरी बदलली असे सांगत राहिलो. बॅटरीला काहीही झाले नव्हते. तेव्हाचा मी म्हणायचो की प्रेक्षकाने दोरी ओलांडली की कृती बिघडते; आज वाटते, त्या गोदामात आजीला जात्यावर बसलेले पाहिलेली एकटी तीच होती आणि तिलाच मी प्रेक्षक ठरवले. पण ती सेकंदे ठेवली असती तर प्रत्येक खेळाला लोक आईवर हसले असते, आणि ते मी आजही सोसणार नाही.

चित्रपटात एका ठिकाणी माझा दुमडलेला पाय पुढच्याच दृश्यात एकाएकी पसरलेला दिसतो. त्याबद्दल अजून कोणी विचारलेले नाही.